तीन-दहाची नोंद

ही गोष्ट खरी आहे.

तुम्ही म्हणाल, सगळे असंच म्हणतात. म्हणा. माझ्याकडे चौदा पानांची प्रिंट आहे, तारीख आणि वेळेसकट, आणि ती मी दप्तरात घेऊन फिरते. ज्याला खोटं वाटतं त्याने समोर यावं.

आधीच सांगून टाकते. यात पडका बंगला नाही. पांढऱ्या कपड्यांतली बाई नाही. रात्रसुद्धा नाही. मंगळवार होता, दुपारचे तीन वाजून दहा मिनिटं झाली होती, आणि जागा म्हणजे आमच्या शाळेची लायब्ररी. बाहेर लख्ख ऊन होतं. भुताला ऊन चालत नाही असं कुणी तुम्हाला सांगितलं असेल तर त्याला काही माहीत नाही.

माझे बाबा कॉम्प्युटरची कामं करतात. आमच्या शाळेची, शिवाय आणखी आठ ऑफिसांची मशीन त्यांच्याकडे आहेत. सुट्टी लागली की ते शाळेतली सगळी मशीन उघडतात, धूळ काढतात, जुनं काढून नवं टाकतात. मी दहावीत आहे, आणि मला यातलं पुष्कळ येतं. येतं म्हणजे येतं, उगाच लाजून कशाला सांगू. म्हणून मी त्यांच्या हाताखाली जात होते.

लायब्ररीचं मशीन त्यांनी माझ्यावर सोपवलं आणि ते वरच्या मजल्यावर गेले.

त्या खोलीत मला जायचंच नव्हतं खरं तर.

ती मावशीची खोली.

मावशी म्हणजे माझ्या आईची मोठी बहीण. एकोणीस वर्षं ती या शाळेची लायब्ररी सांभाळत होती. खिडकीखाली तिचं टेबल, त्यावर कॉम्प्युटर, शेजारी शाईची पेटी आणि तारखेचा शिक्का. पुस्तक दिलं की शिक्का. परत आलं की शिक्का. ठक्क. तिच्या उजव्या हाताचा अंगठा कायम जांभळा असायचा. मी तिला विचारायचे, तू सगळीकडे मतदान करून येतेस का? ती मला 'वटवटे' म्हणायची. "ए वटवटे, इथे लोक वाचतायत." एवढंच. ओरडणं तिला यायचंच नाही.

मावशी दोन वर्षांपूर्वी गेली. छातीत गाठ होती. कळलं तेव्हा फार उशीर झाला होता.

आणि तेव्हापासून मी एक वाक्य ऐकतेय. नातेवाइकांकडून, शेजारच्या काकूंकडून, शाळेतल्या बाईंकडून. "तिने कुणाला सांगितलंच नाही गं." एवढं बोलून जीभ टाळूला लावून च् च् करायचं. शिकलेली बाई, एवढी पुस्तकं वाचायची, आणि लाजत बसली. जणू मावशी स्वतःच्याच हलगर्जीपणाने मेली.

हे वाक्य ऐकलं की माझं डोकं सणकायचं.

तर मंगळवार.

मी नेटची वायर काढली. आधी वायर काढायची, मग जुन्या फायली पेनड्राइव्हवर घ्यायच्या, ही बाबांची पद्धत. वायर माझ्या हातात होती, हे लक्षात ठेवा.

पंखा फिरत होता. मैदानावर कुणीतरी बॉल भिंतीवर मारत होतं.

मग बॉलचा आवाज थांबला.

पंख्याचाही थांबला. पंखा फिरतच होता, नुसता आवाज गेला.

आणि माझ्या कोपराजवळ...

ठक्क.

मी टेबलाकडे पाहिलं. टेबलावर काहीच नव्हतं. शिक्का मावशी गेल्यापासून खणात कुलपाखाली आहे. नवीन बाई पेनाने तारीख लिहितात.

मी स्वतःला समजावलं, लाकूड उन्हाने तडकलं असेल. आणि पडद्याकडे वळले. फायलींची यादी समोर उघडी होती. त्यातल्या एका फाइलीची वेळ आत्ताची होती. तीन वाजून दहा.

ती होती बाबांच्या चाळणीची नोंदवही.

आता ही चाळणी काय ते सांगते, कारण सगळं तिच्यावरच आहे. कॉम्प्युटरच्या पोटात छोट्या छोट्या फायली असतात. त्या आपण होऊन काही दाखवत नाहीत, दुसरे प्रोग्रॅम त्यांना हाक मारतात आणि त्यांच्याकडून काम करून घेतात. बाबांनी त्यातलीच एक स्वतः तयार केली होती, आणि तिचा त्यांना केवढा अभिमान. तुम्ही कुठलाही वेबपत्ता टाका, मशीन आधी या फाइलीला विचारणार, आत सोडू का? फाइलीच्या पोटात वाईट शब्दांची यादी. पत्त्यात त्यातला एक जरी शब्द सापडला, तरी लाल पट्टी येणार: 'हा पत्ता योग्य नाही.' आणि नोंदवहीत एक ओळ पडणार. तारीख, वेळ, पत्ता, अडवलेला शब्द. मुलं चलाख, यादी वेगळी ठेवली तर खोडतील, म्हणून बाबांनी ती फाइलीतच पुरून टाकली होती. एक शब्द काढायचा तरी अख्खी फाइल नव्याने बनवावी लागणार.

मी नोंदवही उघडली.

शेवटची ओळ आजची. वेळ तीन-दहा. पत्ता एका मोठ्या हॉस्पिटलच्या माहितीच्या पानाचा. अडवलेला शब्द: ब्रेस्ट.

वायर माझ्या हातातच होती.

मी वर सरकले. काल, तीन-दहा, तेच पान. परवा, तेच. रविवार, तेच. मागच्या वर्षीची अख्खी सुट्टी, खोलीला कुलूप, तरी रोज एक ओळ. मी वर वर जात राहिले. या रोजच्या ओळी एका तारखेला सुरू झाल्या होत्या.

मावशी गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी.

त्याच्याही वर, जवळजवळ वर्षभराची मोकळी जागा सोडून, आणखी काही ओळी होत्या. आठ दिवसांतल्या. तेवीस.

त्या जिवंत मावशीच्या होत्या. तीन ते साडेतीन तिचा मोकळा तास असायचा, आणि तिचा फोन साधा, नुसता बोलायचा, त्यावर नेट नव्हतं. सर्चमध्ये टाकलेलं सगळं पत्त्यात उमटतं, त्यामुळे तिने काय काय विचारलं ते जसंच्या तसं तिथे होतं.

ब्रेस्टमध्ये गाठ.

ब्रेस्टमध्ये गाठ दुखत नाही.

ब्रेस्ट गाठ दुखत नसेल तर चालेल का.

ब्रेस्ट गाठ कोणत्या डॉक्टरला दाखवायची.

अडवलं. अडवलं. अडवलं. तेवीस वेळा त्या मशीनने तिला सांगितलं, हा पत्ता योग्य नाही. शेवटची ओळ शुक्रवारची होती.

आणि त्या शुक्रवारनंतरचा शनिवार मला आठवला.

त्या शनिवारी शाळेत मीटिंग झाली होती. हेडसरांनी बाबांकडून आकडे मागवून घेतले होते, कुठल्या मशीनवरून किती वेळा नको ते उघडायचा प्रयत्न झाला. त्यांनी ते सगळ्यांसमोर वाचून दाखवले. लायब्ररी, तेवीस वेळा. सगळे हसले. मावशीला लेखी समज मिळाली. संध्याकाळी बाबांनी जेवताना ते घरी सांगितलं, गंमत म्हणून. "तुझी ताई लायब्ररीत बसून बघते तरी काय?" असं आईला म्हणाले. आई हसली.

मी पण हसले होते. बारा वर्षांची होते, मला काही कळलं नव्हतं, पण हसले होते.

मला वाटलं होतं, भीती वाटेल. नाही वाटली. कानशिलं तापली. मी चौदा पानं प्रिंट काढली आणि घरी गेले. जेवायला न बसता अंथरुणात शिरले. आई म्हणाली, ताप आहे का बघू.

बुधवारी पुन्हा गेले. बाबा वर जायची वाट पाहिली. मशीन सेफ मोडमध्ये, म्हणजे नुसत्या गरजेच्या फायलींवर, सुरू केलं, ती फाइल शोधली आणि उडवून टाकली. कचऱ्याच्या डब्यातूनसुद्धा.

आता यात मी गाढवपणा केला होता. फाइल गेली, पण मशीनला तिला विचारायची सवय लागलेली. प्रत्येक पत्ता तिच्या दारात जाऊन उभा, आणि उत्तर द्यायला कुणी नाही. त्यामुळे सगळंच बंद. एकही पान उघडेना.

नोंदवही मी उघडीच ठेवली होती. आता त्यात ओळ पडणं शक्य नव्हतं. ओळ लिहायची ती फाइलच राहिली नव्हती.

तीन वाजून नऊ.

पंख्याचा आवाज गेला.

खुर्चीवर मी नव्हते, मी उभी होते. खुर्चीची गादी... मधोमध दबली.

ठक्क.

ओळ पडली. तीन-दहा. तेच पान.

मी ओरडले नाही. खरं सांगते, माझ्या तोंडून एकच शब्द आला, मावशी. तेवढ्यात बाबा जिना उतरून आले, कारण वरच्या मशीनवर त्यांना लायब्ररीचं मशीन दिसेनासं झालं होतं. सगळं बंद पाडलंस म्हणून ते सुरूच झाले. मी चौदा पानं त्यांच्या हातात दिली.

त्यांनी वाचली. वरची तेवीस वाचताना त्यांचं बोट कागदावर थांबत थांबत जात होतं.

मग म्हणाले, "पत्ते मी वाचले नव्हते. मशीन आणि आकडा, एवढंच छापून दिलं होतं."

मी विचारलं, हा शब्द यादीत कुणी घातला? तर हेडसरांच्या खोलीत बसून दोघांनी अर्ध्या तासात यादी केली होती. पत्त्यात तो शब्द म्हणजे घाणच असणार, असं त्यांना वाटलं. दोघांनाही. दोन शिव्यांच्या मधे त्यांनी तो बसवला. माझ्या मावशीच्या छातीला, माझ्या आईच्या, माझ्या, दोन शिव्यांच्या मधे. आणि मी हा शब्द लिहिताना लाजू? का म्हणून?

"काढा तो," मी म्हटलं.

बाबा म्हणाले, काढला तर नऊ ठिकाणी नवी फाइल टाकावी लागेल, सगळे विचारतील, का बदलली. काय सांगू?

"जे झालं ते सांगा."

त्यांनी खिशातून पेनड्राइव्ह काढला आणि तीच जुनी फाइल परत टाकली. माझ्या डोळ्यांसमोर. मी त्या दिवशी त्यांच्याबरोबर घरी आले नाही, चालत आले.

तीच फाइल आमच्या घरच्या मशीनवरही आहे. संध्याकाळी मी तिची नोंदवही उघडली. त्यात सगळे माझेच प्रताप होते, परीक्षेच्या काळात उघडायला गेलेल्या दोन गेम साइट, बस. आणि शेवटी...

एक ओळ. आजची. तीन-दहा.

त्या वेळी मी आणि बाबा शाळेत होतो. आई झोपली होती. मशीनचा प्लग मी सकाळीच काढून मोबाइलचा चार्जर लावला होता. तो आत्ता संध्याकाळी मीच काढून मशीन सुरू केलं होतं.

हॉस्पिटल तेच होतं. पान वेगळं होतं. त्या पानाचं नाव होतं, 'बहिणी आणि मुली: ब्रेस्टची तपासणी कधी करावी.'

मी सगळं घेऊन आईकडे गेले. प्रिंटसकट. आई स्वयंपाकघरात खाली बसली आणि बराच वेळ तिने ती पानं मांडीवर धरून ठेवली. मग म्हणाली, तिचा फोन आला होता. त्याच आठवड्यात. तुमच्या घरचा कॉम्प्युटर सगळं उघडतो का गं, असं विचारत होती. मी म्हटलं, नाही गं ताई, ह्यांनी इथेही तेच बसवलंय. तर म्हणाली, बरं, असू दे.

बरं, असू दे.

सांगितलंच नाही म्हणतात ना? तिने विचारलं होतं. तेवीस वेळा मशीनला आणि एकदा बहिणीला. दरवाजा माझ्या बाबांनी लावला होता.

शुक्रवारी मी आईला ओढतच डॉक्टरीणबाईंकडे नेलं.

गाठ निघाली. वाटाण्याएवढी. आईच्या हाताला ती कधी लागली नव्हती.

पुढचे तीन आठवडे मी सांगत नाही. ऑपरेशन झालं. आई बरी आहे, माझ्यावर ओरडण्याइतकी बरी आहे. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, फार लवकर आलात, कुणी पाठवलं? आईने माझ्याकडे बघितलं. मी छताकडे.

ऑपरेशननंतरच्या शनिवारी बाबा आपण होऊन म्हणाले, चल.

लायब्ररीत त्यांनी मावशीच्या खुर्चीवर न बसता स्टूल ओढलं. यादी उघडली. तो शब्द खोडला. फाइल नव्याने बनवली, जागेवर टाकली. तीन वाजून आठ मिनिटं झाली होती. नेटची वायर त्यांच्या पद्धतीप्रमाणे बाहेरच होती.

पंख्याचा आवाज गेला.

आम्ही दोघंही हललो नाही.

पडद्यावर... ते पान उघडलं.

कुणी काही दाबलं नव्हतं. पान हळूहळू वर सरकायला लागलं. कुणीतरी वाचतंय अशा गतीने. एक परिच्छेद. थोडं थांबून पुढचा. एका ओळीवर ते खूप वेळ थांबलं. त्या ओळीत लिहिलं होतं की गाठ लवकर लक्षात आली तर बहुतेक जणी पूर्ण बऱ्या होतात.

खूप म्हणजे खूप वेळ.

बाबांनी त्या रिकाम्या खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला. "ताई," ते म्हणाले, "चुकलं माझं."

ठक्क.

पान गेलं. पंख्याचा आवाज आला. पुढच्या दोन आठवड्यांत बाबांनी आठही ऑफिसांत जाऊन फाइल बदलली, आणि ज्याने ज्याने विचारलं त्याला कारण सांगितलं. यासाठी मी त्यांना माफ केलंय का? अर्धं. उरलेलं अजून ठरवलेलं नाही.

नोंदवहीत त्यानंतर एकही ओळ पडली नाही. मला वाटलं, संपलं.

मग शाळा सुरू झाली, आणि मी आणि आई हेडसरांकडे गेलो. मागण्या दोनच होत्या. मावशीच्या कागदांतली ती लेखी समज काढून टाका, आणि ज्या मीटिंगमध्ये तिला हसलात त्याच मीटिंगमध्ये सांगा की ती काय शोधत होती. हेडसरांनी प्रिंट हातात घेतली नाही. म्हणाले, जुनं उकरून काय मिळणार, नियम सगळ्यांना सारखा. आणि मला म्हणाले, तू फार तोंडाळ झाली आहेस.

मी त्यांच्या मशीनकडे पाहिलं. नुसतं पाहिलं. इतका राग मला जन्मात आला नव्हता. दात एकमेकांवर घासलेले मला ऐकू आले.

दुसऱ्या दिवशी दुपारपासून हेडसरांच्या मशीनवर दुसरं काहीच उघडत नाही.

निकालाचं पान टाका, ते पान. क्रिकेटचा स्कोअर टाका, ते पान. काहीही टाका, समोर येतं, ब्रेस्टमध्ये गाठ, कोणत्या डॉक्टरला दाखवायची. बाबांनी दोनदा सगळं पुसून नव्याने टाकलं. मग मशीनच नवीन आणलं. खोक्यातून काढून लावलं, आणि पहिलंच पान तेच. बाबा म्हणतात, त्यात चाळणीची फाइलच नाही, मी टाकलेलीच नाही. मग पत्ते वळवतंय कोण? शिपाईकाकांपासून सगळ्यांनी ते पान आता पाठ केलंय. दोन बाई तपासणी करून आल्या. हेडसर ऑफिसातल्या कोपऱ्यात बसून काम करतात. समज मात्र अजून काढलेली नाही.

मजा वाटली मला. पहिले आठ दिवस खूपच मजा वाटली.

मग एक गोष्ट डोक्यात आली, आणि तेव्हापासून नीट झोप नाही.

मावशीला राग यायचा नाही. कुणी पुस्तक फाडून आणलं तरी ती डिंक काढून बसायची. तिला जे वाचायचं होतं ते तिने वाचलं, आईला पाठवायचं होतं तिथे पाठवलं, आणि ती गेली. त्या शनिवारी खोलीतून ती गेली हे मला कळलं होतं. शपथेवर सांगते.

मग हेडसरांच्या मशीनवर बसलंय ते कोण?

परवा दुपारी भूगोलाचा तास होता. बाई नकाशा दाखवत होत्या. बाईंचं तोंड हलत होतं, पण आवाज येईना. मला वाटलं, माझंच लक्ष नाही. तेवढ्यात शेजारच्या मैत्रिणीने मला कोपराने ढोसलं. हळूच म्हणाली, "बाकावर काय आपटलंस आत्ता?"

मी काहीच आपटलं नव्हतं.

भिंतीवरच्या घड्याळात तीन वाजून दहा मिनिटं झाली होती.

मी हाताकडे पाहिलं. उजव्या हाताचा अंगठा...

जांभळा होता.

साबणाने घासला, लिंबाने घासला, दगडाने घासला. आज तिसरा दिवस आहे. अजून जात नाही.